रत्नागिरीच्या भट्टीत ज्यूंची करंजी

मुंबईहून रत्नागिरीची एस.टी. धरली की एका रात्रीत अर्धे कोकण मागे पडते. पनवेल, पेण, नागोठणे, माणगाव, महाड. मग पोलादपूर, कशेडीचा घाट, खेड, चिपळूण, संगमेश्वर. आणि हातखंब्याला गाडी उजवीकडे वळली की रत्नागिरी. चाकरमान्यांची आपली कितीतरी कुटुंबे मे महिन्यात, लग्नकार्याला याच वाटेने गावी जातात. महाड आले की झोपलेला माणूसही डोळे उघडून खिडकीबाहेर बघतो. २० मार्च १९२७ हा दिवस आपल्याकडे लहान पोरालाही पाठ असतो.

यंदाच्या मे महिन्यात मी या वाटेने गेले ती एक खाण्याचा पदार्थ शिकण्यासाठी. रत्नागिरीला माझी थोरली नणंद राहते. तिला आम्ही सगळे आक्का म्हणतो. आक्काने फोनवर सांगितले होते, "वयनी, ये एकदा. ज्यू लोकांची भाजलेली करंजी करतंय मी आता. तळायची नाय, तेलाची कढई नाय." ज्यू लोकांचा पदार्थ रत्नागिरीत आक्काच्या हाती कसा आला, हे ऐकायची मलाही उत्सुकता होती.

पण ज्यू आणि कोकण यांचे नाते काही आजचे नाही. ते याच रस्त्यावर जागोजाग लिहिलेले आहे, आपण वाचत नाही इतकेच. पेण आले की पेणकर आठवावेत, रोह्याचा फाटा आला की रोहेकर. दिवेकर, नवगावकर, केहिमकर अशी गावावरून पडलेली आडनावे लावणारा, घरीदारी मराठी बोलणारा एक ज्यू समाज शेकडो वर्षे या पट्ट्यात नांदला. त्यांना बेने इस्रायल म्हणतात. त्यांची परंपरा सांगते की फार पूर्वी अलिबागजवळ नवगावच्या किनाऱ्याला त्यांच्या पूर्वजांचे गलबत फुटले आणि वाचलेली माणसे इथलीच झाली. गावोगाव त्यांचा धंदा तेलाच्या घाण्याचा. शनिवार त्यांचा विश्रांतीचा दिवस, त्या दिवशी घाणा बंद. म्हणून लोक त्यांना 'शनिवार तेली' म्हणू लागले. पनवेल, अलिबाग, रेवदंडा इथे त्यांची प्रार्थनामंदिरे अजून उभी आहेत. पनवेलचे १८४९ सालचे आहे.

त्यांच्या सणांची नावे ऐकली तर कुणालाही ती आपल्याच घरची वाटतील. नव्या वर्षाचा सण तो 'नव्याचा सण', एक 'खिरीचा सण', एक 'बिरड्याचा सण'. बिरड्याच्या सणाला उपास सोडताना वालाचे बिरडे. कोकणच्या मातीने त्यांना नारळही दिला. ज्यू धर्मात मांस आणि दूध एकत्र शिजवायचे नाही, एका जेवणात खायचेही नाही, असा कडक नियम आहे. मटणाच्या रश्शाला दही-दूध चालत नाही. या लोकांनी तिथे नारळाचा रस घातला आणि नियमही पाळला, चवही वाढवली. मासळीतही खवले आणि पर दोन्ही असलेला मासाच त्यांना चालतो. बांगडा, तारली चालते. कोळंबी, कुर्ल्या, तिसऱ्या चालत नाहीत.

आपल्या लोकांशी त्यांची गाठ आणखी एका ठिकाणी पडली होती. ती म्हणजे इंग्रजांची मुंबई फौज. महार पलटणीत होते तसे बेने इस्रायलही होते, आणि दोन्हींकडची माणसे सुभेदारीपर्यंत चढली. मुंबईतले त्यांचे पहिले प्रार्थनामंदिर १७९६ साली बांधणारे सॅम्युएल दिवेकर हे फौजेतलेच अंमलदार.

हे सगळे सांगताना एक कडू गोष्टही सांगायला हवी. जातीच्या देशात राहून जातीचा रोग त्यांनाही जडला. त्यांच्यात 'गोरे इस्रायल' आणि 'काळे इस्रायल' असे दोन तट होते. ज्यांच्या वंशात आई बाहेरच्या समाजातली, ते काळे. गोऱ्यांचा त्यांच्याशी रोटीव्यवहार नाही, बेटीव्यवहार नाही. पुढे इराकमधून मुंबई-पुण्याला व्यापारी बगदादी ज्यू आले. डेव्हिड ससून मुंबईत आले ते १८३२ साली. पुण्याचे लाल देऊळ त्यांनीच बांधायला घेतले, ते १८६७ साली पुरे झाले. हे बगदादी लोक कोकणातल्या ज्यूंना बरोबरीचे मानत नसत. म्हणजे गोरा इस्रायल काळ्याला कमी लेखणार आणि बगदादी दोघांनाही. उतरंड कशी असते ते आपल्याला कुणी वेगळे शिकवायला नको.

१९४८ साली इस्रायल देश झाला आणि बेने इस्रायलांपैकी बहुतेक लोक हळूहळू तिकडे गेले. अश्दोद, दिमोना, बेरशेबा, लोद अशा गावांत त्यांनी घरे केली. तिथेही प्रश्न सुटला नाही. १९६२ साली तिथल्या मुख्य धर्मगुरूंनी हुकूम काढला की यांच्या लग्नाआधी मागच्या पिढ्यांची चौकशी करावी, हे पुरते ज्यू आहेत की नाहीत ते पाहावे. ज्या धर्मासाठी घरदार सोडून गेले, त्याच धर्माच्या दारात त्यांना कुळी विचारली गेली. पण माणसे गप्प बसली नाहीत. १९६४ साली त्यांनी जेरुसलेममध्ये धरणे धरले. तिथल्या सरकारला आणि संसदेला बोलावे लागले की हे सर्व बाबतीत ज्यूच आहेत, आणि धर्मगुरूंना हुकुमातून त्यांचे नाव काढावे लागले. महाराष्ट्रात आता या समाजाची थोडीच माणसे उरली आहेत. २०१६ साली राज्य सरकारने ज्यूंना अल्पसंख्याकाचा दर्जा दिला.

आता रत्नागिरीकडे वळू. हे शहर बाहेरून आलेल्या माणसांना ओळखते. ब्रह्मदेशचा बौद्ध राजा थिबा याला इंग्रजांनी १८८५ साली गादीवरून उतरवले आणि पुढे इथे आणून ठेवले. त्याच्यासाठी बांधलेला लाल राजवाडा १९१० साली पुरा झाला आणि १९१६ साली राजा इथेच वारला. थिबा पॅलेस आपल्यापैकी अनेकांनी पाहिला असेल. नसेल तर मुलांना घेऊन जरूर जा. मागे उभे राहिले की खाली खाडी आणि भाट्याचा पूल दिसतो. आपल्या मुलखापासून तोडलेला माणूस इथून रोज काय पाहत असेल, हा विचार मनात आल्याशिवाय राहत नाही.

संध्याकाळी मांडवीच्या जेट्टीवर माणसांची गर्दी, मिरकरवाड्यात होड्यांची, आणि बेकरीपुढे खारी-बटर घेणाऱ्यांची. बेकरीच्या काचेच्या कपाटात खारी, नानकटाई, टोस्ट आणि पॅटिस. पापुद्र्यांचे आवरण, आत बटाट्याची भाजी. आक्काची 'ज्यूंची करंजी' या पॅटिसची लांबची बहीण.

आक्काकडे हा पदार्थ आला तो आमच्याच नात्यातल्या एका मुलीकडून. आपल्या देशातल्या पुष्कळ बायाबापड्या म्हाताऱ्या-आजारी माणसांची देखभाल करायला इस्रायलला जातात. ही मुलगीही पाच वर्षे अश्दोदला एका आजीपाशी होती. ती आजी तुर्कस्तानातल्या इझमीरची. दर शुक्रवारी आजी खुर्चीत बसून सांगायची आणि ही करायची. तिथे या पदार्थाला बुरेका म्हणतात. मुलगी म्हणाली, "मावशी, पहिल्यांदा आजीने काठाला मुरड घालायला सांगितली तेव्हा मी म्हटलं, ही तर मला येते!" तिथल्याच बाजारात तिने एकदा दोन म्हाताऱ्यांना मराठीत भाव करताना ऐकले, आणि भाजीची पिशवी तिथेच ठेवून ती त्यांच्याशी बोलायला धावली.

बुरेक्याची गोष्टही हाकललेल्या माणसांचीच आहे. १४९२ साली स्पेनच्या राजाराणीने ज्यूंना देशाबाहेर काढले. त्यातले पुष्कळ तुर्कांच्या राज्यात, इस्तंबूल, इझमीर, सलोनिका या शहरांत जाऊन राहिले. सारण भरून भाजायची स्पेनची रीत त्यांच्या हातात होती, तुर्कांचा 'बोरेक' तिथे होता. दोहोंचे मिळून बुरेका झाले. इराकी ज्यूंकडे याचा भाऊ आहे, सांबुसक. चीज भरून भाजलेला. आपला समोसा त्याच घराण्यातला. पोलंड-रशियाकडच्या ज्यूंचा क्निश, बटाटा आणि परतलेला कांदा भरलेला. तिथून पोट भरायला अमेरिकेत गेलेल्या लोकांनी तो न्यूयॉर्कमध्ये हातगाडीवर विकला, आणि कपड्यांच्या कारखान्यांतल्या कामगारांनी तो उभ्या उभ्या खाल्ला. आपल्या गिरणगावातल्या वडापावासारखे समजा. कोकणातल्या ज्यूंच्या घरी मात्र शेजाऱ्यांसारखीच चूल, तवा आणि कढई. ही भाजलेली करंजी त्यांच्या रोजच्या खाण्यात आली ती इस्रायलला गेल्यावर.

भगिनींनो, आता कृती सांगते. साधी आहे. पापुद्र्यांच्या पिठाची भानगड नाही, लोणी नाही, दूध नाही. इझमीरकडची जुनी रीत तेलाच्या पिठाचीच.

पिठासाठी अर्धा किलो मैदा घ्या. आक्का त्यात तीन भाग मैदा आणि एक भाग कणीक घेते. एक चमचा मीठ. दीडशे मिली गोडे तेल आणि सुमारे पावणेदोनशे मिली कोमट पाणी एकत्र करून त्यात पीठ थोडे थोडे घालत जा. पाणी कमीजास्त लागेल, पिठावर आहे. गोळा मऊ आणि तेलकट लागला पाहिजे, हाताला चिकटता कामा नये. फार मळू नका, मळले की कडक होते. झाकून अर्धा तास ठेवा.

सारण अर्धा किलो उकडलेल्या बटाट्याचे. दोन मोठे कांदे बारीक चिरून तेलात चांगले तांबूस होईपर्यंत परता. घाई केली तर चव येत नाही, सगळी चव त्या कांद्यातच आहे. बटाटा कुस्करून त्यात कांदा, मीठ, भरड मिरी आणि कोथिंबीर. हळद-मोहरी घातली की आपली बटाट्याची भाजी होईल. तीही वाईट नाही, पण एकदा मिरीचीच करून बघा. दुसरे सारण वांग्याचे. तेही इझमीरकडचेच. वांगे निखाऱ्यावर भाजून, सोलून, पाणी निथळून कांद्याबरोबर परतायचे. तिसरे आक्काचे स्वतःचे, बांगड्याचे. बांगडा उकडून काटे काढायचे, ओले खोबरे, हिरवी मिरची, कोकमाचा आगळ चमचाभर. ज्यूंच्या नियमालाही बांगडा चालतो, म्हणजे कुणाची तक्रार नाही. सारण कुठलेही असो, कोरडे आणि गार हवे. ओले असले की तळ भिजतो.

पिठाच्या चोवीस लाट्या करा. पुरीपेक्षा जाड पारी लाटा, चार बोटे रुंद. मध्ये चमचाभर सारण, अर्धी दुमडून कडा दाबा आणि करंजीसारखी मुरड घाला. येत नसेल तर कातण्याने कापा किंवा काट्याने दाबा. वरून फेटलेले अंडे लावा आणि तीळ भुरभुरा. अंडे खात नसाल तर तेलाचा हात पुरे, पण रंग कमी येतो.

घरात ओव्हन असेल तर १८० अंशांवर अर्धा तास. नसेल तर जाड बुडाचे जर्मनचे पातेले घ्या. तळाला दोन बोटे कोरडी वाळू किंवा जाडे मीठ पसरा, त्यावर तिवई ठेवा, झाकण लावून मध्यम आचेवर पंधरा मिनिटे तापू द्या. मग तेल लावलेल्या ताटलीत करंज्या ठेवून आत ठेवा, झाकण घट्ट बसवा, आच कमी करा. चाळीस-पंचेचाळीस मिनिटे लागतात. कुकर वापरलात तर त्याची शिट्टी आणि रबर आधी काढून ठेवा, आणि आत पाणी अजिबात नको. वरची बाजू पांढुरकी राहिली तर शेवटी तव्यावर उलटून घ्या. चूल असेल तर उत्तमच. नानकटाईला करतात तसे झाकणावर निखारे ठेवा, वरखाली सारखा रंग येतो.

आक्का मात्र शेजारच्या बेकरीच्या भट्टीत भाजून आणते. पाव निघाले की भट्टीची आग ओसरते, पण धग पुष्कळ असते. बेकरीवाल्या चाचांनी सांगितले, "ताई, ट्रे भरून आणा, लाकूड कुठे जास्त लागतंय?" मला गंमत वाटली ती अशी की जुन्या काळी ज्यू बायाही हेच करत. शनिवारी चूल पेटवायची नाही, म्हणून शुक्रवारी मावळतीआधी घरोघरची भांडी गल्लीतल्या बेकरीच्या भट्टीत जात आणि दुसऱ्या दिवशी गरम गरम घरी येत.

आता आक्काच्या भट्टीमागची गोष्ट. दोन वर्षांपूर्वी बुद्धपौर्णिमेला तिने नारळाच्या करंज्या केल्या आणि इमारतीत घरोघर दिल्या. वरच्या मजल्यावरच्या एका बाईंनी हसून ताट घेतले, "कशाला एवढं," म्हणाल्या. संध्याकाळी कचरा टाकायला गेली तेव्हा आक्काला डब्यात तिच्याच करंज्या दिसल्या. एकही मोडलेली नव्हती. आक्का कुणाला काही बोलली नाही. मला हे यंदा, पोळपाटाशी बसल्यावर, खाली मान घालून सांगितले.

ज्यूंच्या स्वयंपाकाचे नियम पुष्कळ. त्यात परक्याच्या हातच्या अन्नाचे काही निर्बंधही आहेत, ते लपवण्यात अर्थ नाही. पण एक रीत मला फार आवडली. इस्रायलमध्ये बुरेक्याच्या आकारावरून आतले सारण ओळखतात. त्रिकोणी म्हणजे चीजचे, चौकोनी म्हणजे बटाट्याचे. मांसाच्या जेवणाबरोबर चुकून चीज खाल्ले जाऊ नये, म्हणून. बंद पदार्थात काय आहे ते खाणाऱ्याला दिसत नाही, तो करणाऱ्याच्या शब्दावर खातो. म्हणून करणाऱ्याने आत काय आहे ते बाहेरून सांगायचे. आपल्याकडे मात्र आत काय आहे हे कुणी विचारत नाही. विचारतात ते करणारा कोण.

चाचांनी आक्काच्या करंज्या आपल्या दुकानातही ठेवल्या. पहिल्याच आठवड्यात बरण्या रिकाम्या झाल्या. नेणाऱ्यांत त्या वरच्या मजल्यावरच्या बाईही होत्या. दर शनिवारी अर्धा डझन बटाट्याच्या आणि दोन वांग्याच्या. कुणाच्या हातच्या आहेत ते त्यांना ठाऊक नव्हते.

मग पाकिटाचा प्रश्न आला. अन्न सुरक्षेची नोंदणी घरगुती धंद्यालाही लागते, ती आक्काने केली. पाकिटावर करणाऱ्याचे नाव-पत्ता हवा. घरात दोन दिवस वाद झाला. नंदोई म्हणाले, "सरळ बेकरीचं नाव टाकू. आडनाव वाचलं की पुढचं सगळं वाचतात लोक." चाचाही अदबीने तेच म्हणाले, धंदा आहे, विचार करा. त्यांचे म्हणणे खोटे नव्हते. महिन्याला घरात येणारे पैसे होते ते, धाकट्याच्या कॉलेजची फी त्यातून जाणार होती.

अश्दोदहून आलेली ती मुलगी ऐकेना. ती म्हणाली, "मी पाच वर्षं परक्या देशात परक्या बाईच्या घरी तिच्या तोंडात घास भरवला. तिनं माझं आडनाव कधी विचारलं नाय. आणि आपल्याच गल्लीत आपण लपून ऱ्हायचं?" आक्का गप्प होती. शेवटी तिने मुरड घालता घालता एवढेच विचारले, "नाव टाकायला जागा किती ठेवलीय पाकिटावर?"

मी परत निघाले त्या दिवशी छापलेली पाकिटे आली होती. आत काय भरले आहे ते वर मोठ्या अक्षरात, आणि खाली आक्काचे नाव, आडनावासकट. पुढचे तिने नंतर फोनवर सांगितले. वरच्या बाई दोन शनिवार आल्या नाहीत. नगरपालिकेच्या शाळेतल्या बाईंनी मात्र स्नेहसंमेलनासाठी शंभर सांगितल्या. तिसऱ्या शनिवारी वरच्या बाईंचा मुलगा आला, पाकीट हातात घेऊन त्याने नाव वाचले, आणि आठ करंज्या घेऊन गेला. त्या वर पोचल्या की नाही, खाल्ल्या की टाकल्या, हे आक्काने विचारले नाही. ती म्हणाली, "वयनी, आता डब्यात बघायला मी जात नाय."

भगिनींनो, सुट्टीत एकदा ही करंजी करून बघा. मुलांच्या डब्याला चालते, आणि कढईभर तेल लागत नाही. जास्त झाल्या तर शेजारी द्या. आणि विकायच्या ठरवल्यात तर पाकिटावर नाव पूर्ण टाका.